पाचव्या विहिरीचा मे महिना : प्रयोगशाळेतल्या एका संगणकाचं प्रकरण

पुण्यातल्या एका महाविद्यालयाच्या रसायनशास्त्र विभागाने हवेली तालुक्याच्या पूर्व भागातल्या बारा विहिरींचं पाणी तपासायला घेतलं होतं. हा उसाचा पट्टा. शहरातून खाली येणारं मुळा-मुठेचं पाणी, कालवे, वर्षानुवर्षं शेतात पडलेला युरिया, विहिरीला लागून गोठे आणि शोषखड्डे. पाण्यात नायट्रेट असणार हे सगळ्यांना माहीत होतं; किती आहे आणि कोणत्या विहिरीत आहे, एवढंच शोधायचं होतं. पिण्याच्या पाण्याच्या भारतीय मानकात, म्हणजे आयएस १०५०० मध्ये, नायट्रेटची मर्यादा लिटरला ४५ मिलिग्रॅम आहे आणि तिच्यात कसलीही सूट ठेवलेली नाही. कारण तान्ही मुलं. सहा महिन्यांच्या आतल्या बाळाच्या पोटात जास्त नायट्रेट गेलं तर त्याचं नायट्राइट होतं, रक्ताची प्राणवायू वाहून नेण्याची क्षमता घटते आणि बाळ निळसर पडू लागतं. पाणी उकळून हे टळत नाही. उकळताना पाणी आटतं, नायट्रेट तेवढंच राहतं, त्यामुळे प्रमाण उलट वाढतं.

म्हणजे हा नुसता शेवटच्या वर्षाचा प्रकल्प नव्हता. ग्रामपंचायत अहवालाची वाट बघत होती आणि विभागाने तो द्यायचं कबूल केलं होतं.

महाविद्यालयांच्या आणि लहान प्रयोगशाळांच्या उपकरणांना संगणक जोडून देणं, जुनी यंत्रणा चालती ठेवणं हे माझं काम. या प्रकरणात मला बोलावलं गेलं तेव्हा अहवालाचा पहिला मसुदा तयार होता. विभागाच्या संमतीने, पण कोणाचंही नाव न घेता, झालं ते सगळं लिहितो आहे. यातली गफलत पुण्यातल्या कुठल्याही प्रयोगशाळेत उद्या होऊ शकते, आणि ती झाल्याचं कळणारही नाही.

मोजणी कशी होत होती

बारा विहिरी, सहा फेऱ्या. फेऱ्या अशा: जुलै, सप्टेंबर, डिसेंबर, मार्च, मे आणि पुढचा ऑगस्ट. प्रत्येक बाटलीवर साधा क्रमांक, आधी विहीर आणि मग फेरी. पाचव्या विहिरीचा तिसऱ्या फेरीतला नमुना म्हणजे ५-३. एकूण ७२ नमुने, प्रत्येकाची दोन रीडिंग.

पद्धत नेहमीची, अतिनील किरणांची. पाणी गाळून घ्यायचं, ५० मिलिलिटरला एक मिलिलिटर ‘एक नॉर्मल’ तीव्रतेचं हायड्रोक्लोरिक ॲसिड घालायचं आणि क्वार्ट्झच्या क्युव्हेटमध्ये, म्हणजे छोट्या पारदर्शक पात्रात, भरून स्पेक्ट्रोफोटोमीटरमध्ये, म्हणजे नमुना किती प्रकाश शोषतो ते मोजणाऱ्या उपकरणात, ठेवायचं. साधी काच इथे चालत नाही, ती ही किरणं स्वतःच शोषते. २२० नॅनोमीटरवर नायट्रेट शोषून घेतं, पण पाण्यातले सेंद्रिय पदार्थही घेतात. २७५ वर नायट्रेट जवळजवळ काहीच शोषत नाही, सेंद्रिय पदार्थ मात्र शोषतात. म्हणून २२० च्या रीडिंगमधून २७५ च्या रीडिंगची दुप्पट वजा करायची. ही वजावट २२० च्या रीडिंगच्या दहा टक्क्यांवर गेली तर ही पद्धत त्या पाण्याला वापरायचीच नाही, असा नियम आहे.

एक नमुना आकड्यांत बघू, कारण पुढे हाच लागणार आहे. ५-३ चं २२० वरचं रीडिंग ०.८४२, २७५ वरचं ०.०२१. वजावट ०.०४२, उरले ०.८००. त्या दिवशीच्या स्टँडर्डच्या, म्हणजे प्रमाण आधीच माहीत असलेल्या द्रावणांवरून काढलेल्या, रेषेचा उतार ०.२६, म्हणजे लिटरला ३.०८ मिलिग्रॅम नायट्रोजन. सगळे नमुने पाचपट पातळ केलेले, म्हणून १५.४. हा झाला नायट्रोजन. नायट्रेट म्हणून सांगायचं तर ४.४३ ने गुणायचं. उत्तर ६८. मर्यादा ४५.

स्पेक्ट्रोफोटोमीटर चांगला होता. दिवा वेळेवर बदललेला, स्टँडर्डची रेषा दर वेळी नव्याने काढलेली, क्युव्हेट जोडीने ठेवलेले. या विभागाच्या शिस्तीत मला कुठेही ढिलाई दिसली नाही, आणि हे मी आवर्जून नोंदवतो, कारण असं काही झालं की पहिलं बोट मुलांच्या हाताकडे दाखवलं जातं.

उपकरणाला जोडलेला संगणक मात्र विंडोज एक्सपीवर चालणारा. मायक्रोसॉफ्टने एक्सपीचा आधार ८ एप्रिल २०१४ ला काढून घेतला, तरी पुण्यातल्या प्रयोगशाळांत एक्सपीची यंत्रं अजून आहेत. हा हट्ट नसतो. उपकरणाचं सॉफ्टवेअर त्याच प्रणालीवर चालतं, उपकरण मागच्या बाजूच्या नऊ पिनांच्या सिरियल पोर्टने जोडलेलं असतं, आणि नवं सॉफ्टवेअर हवं तर कंपनी नवं उपकरणच घ्या म्हणते. नीट चालणारं लाखांचं यंत्र केवळ संगणक म्हातारा झाला म्हणून भंगारात कोण काढेल? विभागाने त्याला इंटरनेटपासून तोडून ठेवलं होतं. तेही योग्यच. डेटा पेनड्राइव्हवरून शेजारच्या खोलीतल्या नव्या संगणकावर जायचा आणि तिथे तक्ते व्हायचे.

मसुद्याने काय सांगितलं

मसुद्यातला आलेख बघताच पटेल असा होता. पहिल्या सहा विहिरींत नायट्रेट एरवी १५ ते ३० च्या दरम्यान, मर्यादेच्या बरंच खाली. मे महिन्यात मात्र सहाच्या सहा विहिरी वर: ६१, ६४, ६८, ७१, ७०, ५८. ऑगस्टमध्ये पाऊस आला की पुन्हा खाली. सात ते बारा क्रमांकाच्या विहिरींत असं काही नाही, त्या बाराही महिने शांत.

स्पष्टीकरणही तयार होतं, आणि वाईट नव्हतं. उन्हाळ्यात पातळी खोल जाते, पाणी आटतं, विरघळलेले क्षार दाट होतात. पहिल्या सहा विहिरी कालव्याच्या खालच्या अंगाला, उरलेल्या सहा दुसऱ्या गावात, वरच्या अंगाला. म्हणून दोन गटांत फरक. पंचायतीसाठी शिफारस अशी होती: कोणतीही एक विहीर दोषी नाही, उन्हाळ्याचे दोन-अडीच महिने तान्ह्या मुलांना सहाही विहिरींचं पाणी देऊ नये, बाकी वर्षभर हरकत नाही.

या प्रकरणातली मला सगळ्यात धास्ती वाटते ती हीच गोष्ट. चुकीचे आकडे वेडेवाकडे दिसले असते तर कोणीतरी थांबलं असतं. इथे चुकीच्या आकड्यांनी एक नीटस, शास्त्राला धरून असलेली गोष्ट सांगितली होती.

थांबवलं ते प्रयोगशाळा सहायक काकांनी. काका या विभागात संगणक यायच्या आधीपासून आहेत. मसुदा टेबलावर होता, विभागातल्या मॅडम आलेख दाखवत होत्या. काका म्हणाले, “मॅडम, पाच नंबरची बाटली दर खेपेला वर जायची. पावसाळ्यातसुद्धा. फक्त मे महिन्यात कशी म्हणता?”

आठवणीवर अहवाल बदलता येत नाही. पण काकांकडे आठवणीशिवाय आणखी काही होतं. प्रत्येक नमुन्याचं २२० वरचं पहिलं रीडिंग ते पडद्यावर बघून स्वतःच्या रजिस्टरमध्ये उतरवायचे. कोणी सांगितलेलं नव्हतं. हाताने नोंद ठेवायचे तेव्हाची सवय, यंत्र स्थिर झालंय की नाही ते त्यावरून कळतं म्हणून. रजिस्टर काढलं. ५-३ समोर निळ्या बॉलपेनने लिहिलं होतं: ०.८४२. नव्या संगणकावरच्या तक्त्यात ५-३ समोर ०.२९० होतं. आणि ०.८४२ होतं ३-५ समोर, म्हणजे तिसऱ्या विहिरीच्या मे महिन्याच्या नावावर.

तेव्हा मला फोन आला.

शोध

पोचल्यावर पहिलं काम म्हणजे कोणीही काहीही उघडायचं नाही आणि दुरुस्त करायचं नाही. तक्ता चुकला आहे हे कळल्यावर तो बरोबर करायची घाई सगळ्यांना होते, आणि त्या घाईत चूक कशी झाली याच्या खुणा पुसल्या जातात. एक्सपीच्या संगणकातली हार्ड डिस्क काढली, ती लिनक्सच्या संगणकाला फक्त वाचण्यापुरती जोडली आणि तिची हुबेहूब प्रत घेतली. प्रतीचा हॅश, म्हणजे आतलं काहीही बदललं तर बदलणारा ओळखीचा आकडा, काढून कागदावर लिहिला, मॅडमनी त्यावर सही केली. जुन्या डिस्कवर काम करताना ती मधेच बंद पडते, हा या धंद्यातला नेहमीचा अनुभव आहे. इथे पडली नाही, पण प्रतीशिवाय हात लावायचा नाही हा नियम त्यासाठीच पाळायचा.

मग नव्या संगणकावरचा तक्ता. क्रमांकाच्या स्तंभात ५-३, ३-५ असे मजकुराचे क्रमांक नव्हते. एका सूत्राचं उत्तर होतं. सूत्र शेजारच्या लपवलेल्या स्तंभातून माहिती घेत होतं. तो उघडला तर त्यात तारखा होत्या: ‘३-मे’, ‘२-सप्टें’, ‘१-जाने’ अशा अर्थाच्या, इंग्रजीत. प्रकल्पावरच्या विद्यार्थिनीला विचारलं. तिने न अडखळता सांगितलं, “सर, फाइल आली तेव्हाच एक्सेलने क्रमांकांच्या तारखा केल्या होत्या. मी तारखेतून दिवस आणि महिना वेगळे काढून परत क्रमांक केले.”

तिने केलं ते तर्कशुद्ध होतं. ‘३-मे’ म्हणजे दिवस ३, महिना ५, म्हणून क्रमांक ३-५. आपण तारीख अशीच वाचतो. आधी दिवस, मग महिना.

त्या तारखेच्या एका चौकोनावर क्लिक केलं आणि वरच्या पट्टीत पूर्ण तारीख बघितली. ०३-०५-२००२. दुसरा चौकोन, पुन्हा २००२. सगळे ७२ नमुने सन २००२ चे. हा प्रकल्प सुरू झाला तेव्हा त्या विद्यार्थिनीचा जन्म होऊन बरीच वर्षं झाली होती, तर २००२ आलं कुठून? एक्सेलला वर्ष न देता नुसतं ५-३ दिलं तर ते संगणकाच्या घड्याळातलं चालू वर्ष चिकटवतं. नव्या संगणकाचं घड्याळ बरोबर होतं. एक्सपीच्या संगणकाच्या मदरबोर्डवरची नाण्याएवढी बॅटरी मात्र कधीच संपली होती. संध्याकाळी मेन स्विच बंद केला की घड्याळ शून्यावर, आणि सकाळी सुरू केलं की १ जानेवारी २००२. रोज ते दुरुस्त करायचं सगळ्यांनी कधीचंच सोडून दिलं होतं. रीडिंग येतात ना, मग घड्याळाचं काय.

म्हणजे तारखा नव्या संगणकावर झाल्याच नव्हत्या. त्या उपकरणाच्या संगणकावर झाल्या होत्या. सॉफ्टवेअरने साध्या मजकुराची फाइल काढली, कोणीतरी बरोबर आली का बघायला तिच्यावर डबल क्लिक केलं, ती तिथल्या जुन्या एक्सेलमध्ये उघडली आणि तिथूनच एक्सेलची फाइल म्हणून पेनड्राइव्हवर सेव्ह झाली. सहाही फेऱ्यांत असंच.

आता एक्सपीच्या प्रादेशिक सेटिंगकडे वळलो. इंग्रजी, अमेरिका. विंडोज बसवताना जे आपोआप येतं तेच, कोणी बदललेलं नाही. अमेरिकेत तारीख लिहिताना आधी महिना, मग दिवस. त्या संगणकाने ५-३ वाचलं ते पाचवा महिना, तिसरा दिवस. ३ मे. विद्यार्थिनीने ३ मे वाचलं ते दिवस तीन, महिना पाच. क्रमांक ३-५.

एकाने अमेरिकन रीतीने बांधलेली गाठ दुसरीने भारतीय रीतीने सोडली, आणि प्रत्येक क्रमांक उलटा झाला. विहिरी बाराच असल्यामुळे प्रत्येक क्रमांक महिना म्हणून चालून गेला. विहिरी वीस असत्या तर काही क्रमांक तरी अडले असते आणि संशय आला असता.

मग प्रश्न उरतो की उलटं झालेलं दिसलं कसं नाही. दिसलं होतं. नवव्या विहिरीचा दुसऱ्या फेरीतला नमुना, ९-२, परत येताना २-९ झाला. दुसरी विहीर, नववी फेरी. नववी फेरी नव्हतीच. विद्यार्थिनीच्या हे लगेच लक्षात आलं आणि तिने सूत्रात एक अट घातली: दुसरा आकडा सहाच्या वर असेल तर दोन्हींची अदलाबदल कर. सात ते बारा क्रमांकाच्या विहिरींचे सगळे ३६ नमुने त्या अटीने सरळ झाले. एक ते सहा क्रमांकाच्या विहिरींत मात्र दोन्ही आकडे सहाच्या आतले. ३-५ आणि ५-३ दोन्ही खरे वाटणारे. अटीला तिथे पकडण्यासारखं काही नव्हतं. १-१, २-२ असे सहा क्रमांक उलटे झाले तरी तेच. उरलेले ३० नमुने चुकीच्या नावावर गेले, आणि एकही क्रमांक दोनदा आला नाही, एकही गहाळ झाला नाही. बेरीज जुळली, मोजदाद जुळली.

कागदावर सहा ओळी आणि सहा स्तंभांचा चौकोन काढून बघा. ओळी म्हणजे विहिरी, स्तंभ म्हणजे फेऱ्या. तो चौकोन कर्णावर उलटला की ओळींचे स्तंभ होतात. पाचव्या विहिरीची अख्खी ओळ, सहाही फेऱ्यांतली, पाचव्या फेरीच्या स्तंभात जाऊन बसली. पाचवी फेरी म्हणजे मे. ६१, ६४, ६८, ७१, ७०, ५८ हे आकडे मे महिन्यातल्या सहा विहिरींचे नव्हतेच; ते एकट्या पाचव्या विहिरीचे होते, तेरा-चौदा महिन्यांतल्या सहा भेटींचे. बिघडलेली विहीर होती, आणि तक्त्याने सांगितलं बिघडलेला महिना.

आणि दोन गावांतला फरक, कालव्याची वरची-खालची बाजू? ती रेष एक्सेलच्या अटीने आखली होती. सहाच्या आत आणि सहाच्या वर.

खात्री

इतकं सुसंगत स्पष्टीकरण हाती आल्यावर थांबावंसं वाटतं. पण मसुद्यातलं स्पष्टीकरणही सुसंगतच होतं. म्हणून मुळापर्यंत जाणं भाग होतं.

उपकरणाचं सॉफ्टवेअर प्रत्येक मोजणी स्वतःच्या ठेवणीतल्या फाइलमध्ये साठवतं, आणि त्यात नमुन्याचं नाव टाइप केलं तसं मजकूर म्हणून असतं. एक्सेलचा तिथे हात पोचत नाही. या फाइल कोणी पुसल्या नव्हत्या, हे विभागाचं मोठं पुण्य. डिस्कच्या प्रतीवरून त्या पुन्हा काढल्या, डबल क्लिक न करता, छोट्या पायथन प्रोग्रॅमने मजकूर म्हणूनच वाचल्या, आणि काकांच्या रजिस्टरशी एकेक ओळ ताडून बघितली. एका दिवसाची फाइल सेव्ह करायची राहून गेली होती. त्या दिवसासाठी रजिस्टर हाच एकमेव आधार होता. बाकी सगळीकडे उपकरणाची फाइल आणि काकांचं अक्षर तंतोतंत जुळलं. ५-३ म्हणजे ०.८४२. ३-५ म्हणजे ०.२९०, वजावट ०.०२४, नायट्रेट २३.

फाइलच्या तारखांचा काही उपयोग नव्हता, त्या सगळ्या २००२ च्या. बॅटरी चांगली असती तर कोणत्या दिवशी काय मोजलं हे संगणकानेच सांगितलं असतं. औषध कंपन्यांच्या गुणवत्ता-नियंत्रण प्रयोगशाळांत हीच गोष्ट फार गंभीर मानतात. अमेरिकेच्या एफडीएचे, म्हणजे तिथल्या अन्न आणि औषध प्रशासनाचे, इलेक्ट्रॉनिक नोंदींचे नियम १९९७ पासून आहेत, आणि ही मुलं उद्या नोकरीला जातील त्या कारखान्यांत कोणी, केव्हा, काय बदललं याची वेळेसह नोंद संगणकाला ठेवावीच लागते. आयएसओ १७०२५ या प्रयोगशाळांच्या मानकाच्या २०१७ च्या आवृत्तीत डेटा आणि माहितीच्या व्यवस्थापनाला स्वतंत्र कलम आहे. शिकवताना मात्र आपण मुलांना तराजू कॅलिब्रेट करायला लावतो, पिपेट तपासायला लावतो, आणि ज्या संगणकातून प्रत्येक आकडा जातो त्याचं घड्याळ कोण तपासतं ते विचारत नाही.

पाचव्या विहिरीचं पाणी पुन्हा आणून मान्यताप्राप्त प्रयोगशाळेत पाठवलं. मर्यादेच्या वरच आलं. विहिरीच्या काठावर जाऊन बघितल्यावर कारण शोधायला लांब जावं लागलं नाही: एका अंगाला गोठा, दुसऱ्या अंगाला शोषखड्डा, कठड्याचा गिलावा उडालेला. वस्तीतली काही घरं पिण्यासाठी याच विहिरीवर होती. मसुदा तसाच गेला असता तर त्या घरांना वर्षातले साडेनऊ-दहा महिने हे पाणी बाळाला द्यायला हरकत नाही असं लेखी सांगितलं गेलं असतं.

हे एकट्या या विभागाचं दुखणं नाही

जनुकशास्त्रात हीच गोष्ट मोठ्या प्रमाणावर घडलेली आहे. काही जनुकांची नावं सप्टेंबर आणि मार्च या महिन्यांच्या इंग्रजी लघुरूपांसारखी होती, आणि एक्सेल त्यांच्या तारखा करत असे. २०१६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका पाहणीत, एक्सेलमध्ये जनुकांच्या याद्या जोडलेल्या शोधनिबंधांपैकी साधारण पाचव्या हिश्शात अशा चुका सापडल्या. शेवटी २०२० मध्ये मानवी जनुकांना नावं देणाऱ्या समितीने ती नावंच बदलली. २०२३ मध्ये मायक्रोसॉफ्टने काही आपोआप बदल बंद करण्याची सोय एक्सेलमध्ये दिली. ती मुख्यतः सलग अक्षर-आकड्यांच्या नावांसाठी, सुरुवातीच्या शून्यांसाठी, लांबलचक आकड्यांसाठी आहे. आपल्या ५-३ सारख्या क्रमांकासाठी तिच्यावर विसंबू नये असं माझं मत आहे. जुन्या एक्सपीवरच्या एक्सेलला तर ती सोय नाहीच.

पुण्यात विज्ञान आणि संगणक म्हटलं की सी-डॅकचा १९९१ मधला परम ८००० हा महासंगणक, पाषाणच्या आयआयटीएम या हवामानशास्त्र संस्थेतले हवामानाचे महासंगणक, खोडदच्या रेडिओ दुर्बिणीच्या तीस अँटेनांचा डेटा ही नावं येतात, आणि त्यांचा अभिमान वाटणं रास्त आहे. पण या शहरात रोज मोजले जाणारे बहुतेक आकडे क्युव्हेटशेजारच्या, धूळ खाल्लेल्या, कोणाच्याच नावावर नसलेल्या संगणकातून जातात. तिथे लक्ष देणारा माणूस नेमलेला नसतो. प्रयोगशाळा सहायकाच्या कामात तो येत नाही, संगणक विभाग म्हणतो ते उपकरण आहे, उपकरणवाले म्हणतात तो संगणक आहे.

पुढे काय केलं

बॅटरी बदलली. बुधवार पेठेत तपकीर गल्लीत ही बॅटरी वडापावच्या आसपासच्या पैशांत मिळते. घड्याळ लावलं, आणि रोज पहिल्या मोजणीआधी पडद्यावरची तारीख रजिस्टरमध्ये लिहायची असं ठरलं. काकांनी तो स्तंभ त्याच दिवशी आखला. प्रादेशिक सेटिंग भारताची केली, पण त्यावर भिस्त ठेवली नाही. उपकरणाच्या संगणकावरून एक्सेल काढूनच टाकलं. तिथे आकडे निघतात, तिथे ते सुधारायचे नाहीत. काही शिक्षकांना हे जाचक वाटलं, कारण रीडिंग आलं की तिथल्या तिथे आलेख बघायची सवय होती. मला ही अट सगळ्यात मोलाची वाटते, आणि ती टिकावी म्हणून मी बराच वेळ वाद घातला.

नमुन्यांचे क्रमांक आता अक्षराने सुरू होतात आणि विहिरीचा आकडा दोन अंकी असतो. आधी विहिरीचं अक्षर आणि ०५, मग फेरीचं अक्षर आणि ३. याची तारीख कुठल्याही देशात होत नाही, आणि उलटं वाचलं तर लगेच कळतं. फाइल नव्या संगणकावर आली की ती एका फोल्डरमध्ये केवळ वाचता येईल अशी ठेवायची, हॅशसह. तक्ते तिच्या प्रतीवर. एक्सेलमध्ये आणायची तर डबल क्लिकने उघडायची नाही, इम्पोर्टमधून आणायची आणि क्रमांकाचा स्तंभ मजकूर म्हणून सांगायचा.

एक्सपी तसाच राहिला. तो दुसऱ्या संगणकात आभासी यंत्र म्हणून चालवण्याचा पर्याय बघितला. सिरियल पोर्टवरच्या उपकरणाला तो सहसा चालतो, आतल्या कार्डावर अवलंबून असणाऱ्या उपकरणाला चालत नाही. इथे चालला असता, पण सॉफ्टवेअरचा परवाना त्या जुन्या संगणकाशी बांधलेला निघाला. म्हणून डिस्कची एक चालती प्रत नव्या डिस्कवर करून कपाटात ठेवली आहे. मूळ डिस्क गेली तर अर्ध्या तासात बदलता येईल.

विद्यार्थिनीच्या गुणांचा प्रश्न निघाला होता. मॅडमनी तो तिथेच मिटवला. तिने सूत्र लपवलं नव्हतं, विचारल्यावर सगळं सांगितलं, आणि तिचा तक्ता उघडा असल्यामुळेच शोध लागला. तिच्या अंतिम अहवालात आता एक प्रकरण वाढलं आहे: दोन्ही तक्ते शेजारी शेजारी, आणि क्रमांक उलटण्याची पूर्ण वाट. काकांच्या रजिस्टरच्या त्या पानाचा फोटो त्यात आहे, खाली काकांचं नाव आणि हुद्दा.

पंचायतीला दुरुस्त अहवाल गेला. पाचव्या विहिरीवर पिण्यास अयोग्य अशी पाटी लागली, वस्तीला पिण्यासाठी तिसऱ्या विहिरीवरून नळ टाकायचं ठरलं. शोषखड्डा हलवण्यावर अजून एकमत झालेलं नाही, जागा कोणाची यावर अडलं आहे.

राहिलं आहे ते विभागातलं जुनं काम. त्याच संगणकावरून, त्याच वाटेने मागच्या काही वर्षांचे प्रकल्प गेले आहेत, आणि बहुतेकांत क्रमांक मधे आडवी रेघ असलेलेच आहेत. उपकरणाच्या मूळ फाइल डिस्कवर आहेत तेवढ्यांची पडताळणी मॅडमनी सुरू केली आहे, सगळ्यात जुन्यापासून. ज्यांच्या मूळ फाइल नाहीत त्यांच्यासाठी काकांची आधीची रजिस्टरं माळ्यावरून काढली आहेत.